मेरे पिया गये रंगून : १९४९ च्या एका हसऱ्या गाण्याची आणि त्याच्या तबकड्यांची गोष्ट

जुनी_तबकडी

भेंड्यांमध्ये ‘म’ आला की हे गाणं हटकून निघतं. विशीतल्या पोरांनाही त्याचा मुखडा पाठ असतो. सी. रामचंद्रांवर, म्हणजे आपल्या अण्णांवर, इथे बरीच चर्चा होते, पण ती फिरून फिरून ‘अनारकली’ आणि ‘ऐ मेरे वतन के लोगो’ यांच्यापाशी येऊन थांबते. अण्णांची हसरी गाणी मात्र ‘मजेशीर होती हो’ एवढ्यावर निकालात निघतात. मला ते मनापासून खटकतं, म्हणून आज या एकाच गाण्यावर जरा बैजवार लिहितो.

आधी माहिती. चित्रपट ‘पतंगा’, साल १९४९, दिग्दर्शक एच. एस. रवैल (पुढे ‘मेरे मेहबूब’ काढला तेच). संगीत सी. रामचंद्र, गीत राजेंद्र कृष्ण. गायक शमशाद बेगम आणि चितळकर, म्हणजे स्वतः अण्णाच. पडद्यावर निगार सुलताना आणि गोप. चित्रपटात हे गाणं नाटकाच्या रंगमंचावर होतं : एका बाजूला रंगूनमधला नवरा, दुसऱ्या बाजूला देहरादूनमधली बायको आणि दोघांच्या हातात टेलिफोन. याच चित्रपटात लताचं ‘दिल से भुला दो तुम हमें’ आहे, रफी-शमशादचं ‘बोलो जी दिल लोगे तो क्या क्या दोगे’ आहे. पण ‘पतंगा’ म्हटलं की लोकांना आठवतं ते रंगूनच.

आता गाण्याची बांधणी बघा. सुरुवातीला नवरा गात नाही, बोलतो. रंगूनहून बोलतोय, हिंदुस्थानातलं देहरादून हवंय, पत्नी रेणुका देवी यांच्याशी बोलायचंय. मग मुखडा येतो तो बायकोच्या तोंडी. नवरा रंगूनला गेलाय, तिथून त्याने फोन केलाय आणि तो काय म्हणतोय, हे ती आपल्याला सांगते. म्हणजे ‘तुम्हारी याद सताती है’ हे शब्द आहेत त्याचे, पण आपण ते पहिल्यांदा ऐकतो तिच्या आवाजात. कडव्यात तो स्वतः बोलायला लागतो आणि तीच ओळ आता त्याच्या तोंडी येते. पुढच्या कडव्यात ती आपली अवस्था सांगते, तेव्हा ओळ तिची स्वतःची झालेली असते. एकच ओळ, तीन वेळा धनी बदलतो. ऐकताना हे कुणाच्या ध्यानातही येत नाही, इतकं ते सहज उतरलंय.

यमकांकडेही बघा. रंगून, टेलीफून, देहरादून, जून, पतलून. राजेंद्र कृष्ण यांनी ‘ऊन’ हाताशी घेतला आणि त्यातून अख्खं गाणं विणलं. तिचे जानेवारी-फेब्रुवारी विरहाने मे-जून होतात. देहरादूनची जानेवारीतली थंडी ज्याने सोसलीय त्याला या ओळीची खरी गंमत कळेल. तिकडे त्याने पतलून सोडून लुंगी गुंडाळलीय. आपण हसतो ते नवऱ्याच्या हालांना. पण ब्रह्मदेशात पुरुषाचा रोजचा पेहराव लुंगीच. तिथे राहिलेला माणूस तीच नेसणार. कवीने नुसतं यमक जुळवलेलं नाही, त्याला रंगून माहीत होतं.

आणि इथेच मला जे म्हणायचंय ते येतं. १९४९ सालच्या श्रोत्याला रंगून म्हणजे कुठलंतरी लांबचं गमतीदार शहर नव्हतं. १९३७ पर्यंत ब्रह्मदेश हा ब्रिटिश हिंदुस्थानचाच प्रांत होता. १९३१ च्या शिरगणतीत तिथे दहा लाखांहून जास्त हिंदी लोक होते आणि रंगून शहरात तर निम्म्याहून अधिक वस्ती आपल्याच लोकांची. तमिळ, तेलुगू, बंगाली, उडिया, गुजराती, पंजाबी, सगळे. कारकून, हमाल, सावकार, डॉक्टर, रेल्वेवाले. २३ डिसेंबर १९४१ ला जपान्यांनी रंगूनवर बॉम्ब टाकले, ८ मार्च १९४२ ला शहर पडलं. बोटीत जागा मिळाली ते सुटले, बाकीचे लाखो लोक आराकान, मणिपूर, हुकॉन्गच्या वाटांनी पायी निघाले. कॉलरा, मलेरिया, भूक. हजारो लोक वाटेत गेले. जे मागे राहिले त्यांची तीन वर्षं खबरबात नाही. पत्र नाही, तार नाही.

अशा शहरातून सात वर्षांनी सिनेमात एक फोन येतो आणि नवरा बोलतो. तो धडधाकट आहे, रडगाणं गातोय, पण बोलतोय. मला वाटतं या गाण्यातला आनंद तिथला आहे. थिएटरात हसणाऱ्यांमध्ये किती जणांच्या घरी अशा आवाजाची वाट पाहिली गेली असेल, याचा विचार केल्यावर हे गाणं मला ‘नुसतं मजेशीर’ म्हणवत नाही.

तबकड्यांबद्दल खाली सवडीने लिहितो. तुमच्याकडे या गाण्याच्या आठवणी, तबकड्या, माहिती असेल तर जरूर लिहा.

पुणतांबा_पॅसेंजर

फारच सुंदर लेख. आमच्या भागातला विषय असल्याने लिहिल्याशिवाय राहवत नाही.

रामचंद्र नरहर चितळकर, जन्म १२ जानेवारी १९१८, पुणतांबे, जिल्हा नगर. दौंड-मनमाड लाइनवर पुणतांब्याच्या अलीकडचं स्टेशन आहे चितळी, आडनाव तिथलं. आता शिर्डीचा फाटा पुणतांब्याहून निघतो, म्हणून लोकांना स्टेशनचं नाव ठाऊक असतं, पण हे अण्णांचं गाव हे फार थोड्यांना माहीत असतं. नागपूरला शंकरराव सप्रे, पुण्याला विनायकबुवा पटवर्धन अशी रीतसर तालीम झालेली. पोरगा सिनेमात नट व्हायला आला, ‘नागानंद’मध्ये काम केलं, ते काही चाललं नाही. मग सोहराब मोदींच्या मिनर्व्हामध्ये पेटीवर साथ. संगीतकार म्हणून पहिली कामं मिळाली ती तमिळ चित्रपटांची, आणि हिंदीत भगवानदादांनी ‘सुखी जीवन’ दिला, १९४२ मध्ये. ‘माझ्या जीवनाची सरगम’ हे त्यांचं आत्मचरित्र ज्यांनी वाचलं नसेल त्यांनी जरूर वाचावं. मोकळेपणाने लिहिलंय.

संगीतकार म्हणून सी. रामचंद्र आणि गायक म्हणून चितळकर, अशी दोन नावं त्यांनी कायम वेगळी ठेवली. तबकडीवर दोन्ही असायची. आमच्याकडचे जुने लोक मात्र दोन्ही बाजूला ठेवून ‘नरहरपंतांचा राम’ म्हणायचे.

भटकी_मैना

वाचतेय. तो ओळीचा धनी बदलण्याचा मुद्दा वाचून लगेच गाणं लावलं आणि खरंच तसंच आहे! गोपबद्दलही लिहा ना कुणीतरी.

खर्जातला_सा

लेख आवडला. पण शेवटच्या मुद्द्याला माझा विरोध नोंदवतो.

राजेंद्र कृष्ण यांना ‘टेलीफून’ला यमक हवं होतं, म्हणून रंगून आलं, आणि रंगूनला यमक हवं होतं म्हणून देहरादून. विनोदी गाण्याचा धर्म यमकाचा असतो. त्यात युद्ध आणि निर्वासित आपण आज शोधतोय. तेव्हाचा प्रेक्षक गोपचा चेहरा बघून हसत होता.

मला या गाण्याची खरी थोरवी दिसते ती संगीतात. अण्णांच्या हातात शास्त्रीय तालीम होती आणि कानात पाश्चात्त्य नाचाचं संगीत. युद्धाच्या वर्षांत मुंबईच्या हॉटेलांमधून जॅझ वाजत होता आणि तो वाजवणारे बहुतेक गोव्याचे. युद्ध संपलं, इंग्रज गेले, हॉटेलांतली गिऱ्हाइकी उतरली, तसे हे वादक सिनेमाच्या वाद्यवृंदांत आले. हळदोण्याचे अंतोनियो शावियर वाझ, म्हणजे चिक चॉकलेट, अण्णांचे साहाय्यक होते. ट्रम्पेट असा वाजवायचे की लोक त्यांना हिंदुस्थानचे लुई आर्मस्ट्राँग म्हणायचे. ‘अलबेला’मध्ये ते आपल्या बँडसकट पडद्यावर दिसतात. दुसरे जॉन गोम्स. ‘ईना मीना डीका’मध्ये जे ‘मका नका’ ऐकू येतं ती त्यांची कोकणी.

ही वाट सुरू झाली १९४७ च्या ‘शहनाई’पासून. ‘आना मेरी जान संडे के संडे’, पी. एल. संतोषींचे शब्द, चितळकर, मीना कपूर आणि शमशाद बेगम या तिघांचे आवाज. ‘शहनाई’ लागला तो १५ ऑगस्ट १९४७ च्या सुमाराला, आणि स्वतंत्र देशाने पहिल्यांदा जे गाणं रस्त्यात गुणगुणलं ते हे! पुढे १९५० चा ‘समाधी’. चित्रपट आझाद हिंद सेनेवर, त्यात ‘कदम कदम बढाये जा’ आहे, आणि त्याच चित्रपटात ‘गोरे गोरे ओ बाँके छोरे’ आहे. ते लता आणि अमीरबाई कर्नाटकींनी गायलं, पडद्यावर नलिनी जयवंत आणि कुलदीप कौर. चाल आली होती अमेरिकेहून, कारमेन मिरांडाच्या ‘चिको चिको’ या गाण्यावरून, तेही युद्ध संपतानाचंच. उचललेली चाल म्हणून नाक मुरडणारे आहेत. पण दोन बायकांचा तो सवाल-जवाब ऐका, त्यातली लय आपल्या तमाशाच्या फडात चपखल बसेल. चाल कुठूनही आली तरी ती बसवणारा माणूस नगर जिल्ह्यातला होता.

रंगूनचंही तसंच. स्वरांची उडी फार नाही, बोलण्याच्या जवळ राहणारी चाल आहे. म्हणूनच ती कुणालाही गाता येते. शमशादचा आवाज सरळ आणि खणखणीत, त्यात लाडिकपणा शून्य. लाडिक गळ्याची बाई असती तर हे गाणं पाच वर्षांत विस्मरणात गेलं असतं, असं माझं स्पष्ट मत आहे. आणि चितळकर नकलेत वस्ताद होते. ‘आझाद’मधलं ‘कितना हसीं है मौसम’ कित्येक लोक आजही तलत महमूदचं समजून ऐकतात.

जुनी_तबकडी

खर्ज, संगीताबद्दल तुम्ही लिहिलंत त्याला पूर्ण अनुमोदन. शमशादबद्दल तर दोनदा. लाहोरला गुलाम हैदरांनी तिला पारखलं ते याच सरळ आवाजासाठी. माइकसमोर ती तीस वर्षं तशीच गायली.

पण रंगून नुसतं यमकापुरतं आलं, हे मान्य नाही. यमकाला कवीकडे जून, खून, कानून असे शब्द पडलेले होते. त्याने गाव निवडलं ते ज्याच्याशी फोनचं नातं जुळतं असं. आणि बघा, १९४९ चं रंगून कसं होतं? ब्रह्मदेश ४ जानेवारी १९४८ ला स्वतंत्र झाला आणि वर्षभरात तिथे यादवी पेटली. जानेवारी १९४९ च्या अखेरीस करेन बंडखोर रंगूनच्या वेशीवर इन्सेनला येऊन ठाकले, मे महिन्यापर्यंत तिथे लढाई चालू होती. आपल्या वर्तमानपत्रांतून हे रोज येत होतं, कारण आपली माणसं अजूनही तिथे होती. ‘पतंगा’ ज्या वर्षी लागला त्याच वर्षाची ही गोष्ट. नवरा म्हणतो हिंदुस्थान सोडून पस्तावलो, तुला बरोबर आणलं नाही ही चूक झाली. प्रेक्षक हसला असेलच, मीही हसतो. पण हसताना त्याला सगळं माहीत होतं.

देहरादूनबद्दल माझा एक अंदाज आहे, अंदाज म्हणूनच घ्या. १९३२ पासून तिथे मिलिटरी अॅकॅडमी. वनखात्याची मोठी संस्था त्याहून जुनी. लष्कर आणि सागवान, ब्रह्मदेशाशी आपल्या सरकारचे हेच दोन मोठे धागे. देहरादूनमधल्या बाईचा नवरा रंगूनला असणं तेव्हा अगदी घडण्यासारखं होतं. तमिळनाडू किंवा आंध्रातलं गाव जास्त खरं ठरलं असतं, पण मग यमकाची पंचाईत झाली असती, एवढं मी तुम्हाला देतो.

भटकी_मैना, गोप हे सिंधचे, हैदराबादचे. अंगाने गोल आणि नाचात अतिशय हलके. याकूबबरोबर त्यांची जोडी ‘पतंगा’नंतर इतकी चालली की लोक दोघांना लॉरेल आणि हार्डी म्हणू लागले. १९५७ मध्ये अकालीच गेले. ‘पतंगा’चा नायक श्याम त्याच्याही आधी, १९५१ मध्ये, चित्रीकरणात घोड्यावरून पडून गेला. उर्दू लेखक मंटोचा जिवलग दोस्त तो. निगार सुलताना पुढे ‘मुगल-ए-आझम’ची बहार झाली.

आणि रेणुका देवी! बॉम्बे टॉकीजमध्ये याच नावाची नायिका होती, ‘भाभी’ आणि ‘नया संसार’ची. गाण्यातल्या बायकोचं नाव ऐकून तेव्हाच्या प्रेक्षकाला ती आठवली असणारच.

मिरजेची_सई

जुनी_तबकडी, तुमच्या बाजूने एक साक्ष देते.

माझ्या आजीचे थोरले भाऊ लाकडाच्या वखारीत हिशेबनीस म्हणून रंगूनला होते. आम्ही सगळे त्यांना बर्मामामा म्हणायचो. १९४२ साली ते मणिपूरच्या बाजूने चालत आले. वाटेबद्दल फारसं बोलायचे नाहीत, आणि आम्ही विचारूही नये असं आजीने सांगून ठेवलेलं. मिरजेला आल्यावर नोकरी केली, संसार केला, पण घरात आयुष्यभर लुंगी नेसली. बारीक चौकटीची, पुढे गाठ मारलेली, गोल शिवलेली. आपल्याकडे तेव्हा वडीलधाऱ्यांचं धोतर आणि मुलांचा लेंगा. त्यामुळे गल्लीत कुजबूज व्हायची. आजोबांनी एकदा सांगून पाहिलं, मामा म्हणाले, ‘मी हीच नेसून चालत आलो.’ विषय संपला.

सकाळी साडेसातला रेडिओ सिलोनवर जुन्या चित्रपटांची गाणी लागायची. शेवटचं सैगलचं असायचं. त्यात अधूनमधून हे गाणं यायचं आणि पतलूनची ओळ आली की आम्ही सगळी भावंडं एकदम मामांकडे वळून बघायचो. मामा आधीच हसत असायचे. ती ओळ यायच्या आधीपासून. मग लुंगीची गाठ सोडून पुन्हा घट्ट बांधून दाखवायचे आणि आम्ही लोळायचो.

त्यांना हे गाणं दुखावणारं वाटत असतं तर त्यांनी रेडिओ बंद केला असता. तसे ते तापट होते.

खर्जातला_सा

सई, हे फार मोलाचं लिहिलंत. विरोध मागे घेत नाही, पण माझा मुद्दा आता जरा सौम्यपणे मांडेन.

एक्स्चेंजवाली_मावशी

मी टेलिफोन खात्यातून निवृत्त झाले, नाशिकला ट्रंक बोर्डावर काम केलं आहे. या गाण्यावर आमच्या ड्यूटीरूममध्ये सगळ्यात जास्त चर्चा व्हायची.

नव्या पिढीला माहीत नसेल म्हणून सांगते. तेव्हा परगावचा फोन थेट लागत नसे. आधी ट्रंक बुक करायचा. ऑर्डिनरी, अर्जंट आणि लायटनिंग असे प्रकार, त्याप्रमाणे दर. ऑर्डिनरी लावलेला माणूस दिवसभर फोनपाशी बसून राहायचा. स्वतः नंबर फिरवून परगावी बोलायची सोय देशात पहिल्यांदा आली ती १९६० मध्ये, कानपूर ते लखनौ. बाकीच्या गावांना त्यासाठी फार वर्षं थांबावं लागलं.

आता गाण्याची सुरुवात ऐका. नवरा आधी शहर सांगतो, मग आपण कुठून बोलतो ते सांगतो, मग कुणाशी बोलायचंय त्या व्यक्तीचं नाव आणि नातं सांगतो. हा पी.पी. कॉल आहे! पर्टिक्युलर पर्सन. म्हणजे नेमकी तीच व्यक्ती फोनवर आली तरच पैसे. आम्ही बोर्डावर जे आणि ज्या क्रमाने विचारायचो त्याच क्रमाने तो सांगतो. लिहिणाऱ्याने एकदा तरी कॉल बुक केलेला असणार, त्याशिवाय हे सुचत नाही.

आणखी एक. ट्रंकचा हिशेब तीन मिनिटांचा. तीन मिनिटं झाली की आम्ही मध्ये बोलायचो, ‘थ्री मिनिट्स, एक्स्टेंड करायचंय का?’ आमच्या सुपरवायझर बाई म्हणायच्या, हे गाणं बरोबर एका कॉलमध्ये बसतं. म्हणून दोघं इतक्या भराभरा बोलतात, कुणी उसासा टाकायला थांबत नाही.

जुनी_तबकडी

मावशी, नमस्कार घ्या. हे कुठल्याही पुस्तकात मिळालं नसतं.

आणि तुमच्या तीन मिनिटांवरूनच तबकडीकडे येतो. तेव्हाची तबकडी म्हणजे ७८ फेऱ्यांची, दहा इंची, लाखेची. एका बाजूला तीन-साडेतीन मिनिटं मावायची. गाणं लांबलं तर दोन बाजूंत तोडावं लागे. म्हणजे कॉलचा हिशेब तीन मिनिटांचा आणि तबकडीचाही. अण्णांनी बोलणं, मुखडा, दोघांची कडवी आणि मधले वाद्यांचे तुकडे एवढं सगळं एका बाजूत बसवलं. कुठे एक सूर जास्तीचा नाही.

ऐकताना एक ध्यानात ठेवा. त्या वर्षांत चित्रपटातलं गाणं आणि तबकडीवरचं गाणं ही बरेचदा दोन वेगळी ध्वनिमुद्रणं असत. चित्रपटासाठी गाणं फिल्मवर मुद्रित व्हायचं, मग तबकडीसाठी तीच मंडळी पुन्हा कंपनीच्या स्टुडिओत जाऊन गायची. संपादन नाही, एकच माइक, सगळे वादक एकत्र. कुणी चुकलं की पहिल्यापासून. त्यामुळे जुन्या चित्रपटांत पडद्यावर एखादं कडवं जास्त ऐकू येतं, तबकडीवर वाद्यांचा तुकडा वेगळा निघतो. ज्यांना हौस आहे त्यांनी ‘पतंगा’ची चित्रफीत आणि तबकडी शेजारी शेजारी लावून ऐकावी. पडद्यावर गोपचे हावभाव भाव खाऊन जातात. तबकडीवर फक्त दोन गळे उरतात आणि चितळकरांनी प्रत्येक शब्दाला किती रंग दिलाय ते तिथे कळतं. मला विचाराल तर आधी तबकडी ऐका, मग चित्रपट बघा.

१९५२ मध्ये केसकर नभोवाणी मंत्री झाले, आपल्या पुण्याचेच, आणि आकाशवाणीवरून चित्रपटगीतं जवळजवळ हद्दपार झाली. हलकी अभिरुची, पाश्चात्त्य ठेका, ही तक्रार होती, आणि त्यात अण्णांच्या अशा गाण्यांचा नंबर वरचा लागला असणार. विविध भारती सुरू झाली ३ ऑक्टोबर १९५७ ला. मधली पाच वर्षं ही गाणी जिवंत ठेवली ती रेडिओ सिलोनने, इराण्याच्या हॉटेलांनी आणि लग्नातल्या बँडवाल्यांनी. केसकरांनी शास्त्रीय संगीतासाठी केलेलं काम मोठं आहे, ते नाकारत नाही. पण ज्या माणसाने पटवर्धनबुवांकडे तालीम घेतली त्याचा ठेका हलका कसा, हे मला अजून कुणी समजावून दिलेलं नाही.

पुढे लाँगप्ले आल्या, कॅसेट आल्या. लाखेवरून टेपवर उतरवताना खरखर काढायची म्हणून वरच्या पट्टीतले सूर इतके कापले की शमशादचा खणखणीतपणाच काही कॅसेटांत मेला. मग दोन हजार सालानंतर रिमिक्सची लाट आली. ‘सैंया दिल में आना रे’, ‘कजरा मुहब्बतवाला’, अशी शमशादची गाणी नव्या ठेक्यावर नाचली. तिला २००९ मध्ये पद्मभूषण मिळालं, २०१३ मध्ये ती मुंबईत गेली. रिमिक्सवाल्यांवर मी खूप चिडायचो, पण त्यांच्यामुळे कित्येक मुलं मूळ गाण्याकडे आली हेही खरं. २०१७ मध्ये विशाल भारद्वाजने ‘रंगून’ नावाचा युद्धकाळातला चित्रपट केला, त्यात गुलजारांचं ‘मेरे मियाँ गये इंग्लंड’ आहे, रेखा भारद्वाजच्या आवाजात. सलाम कुणाला आहे ते सांगायला नको. युद्धाच्या चित्रपटाला या गाण्याची आठवण व्हावी, यातच मला माझ्या म्हणण्याला दुजोरा दिसतो.

थिबा_पॉइंट

रत्नागिरीकर म्हणून दोन ओळी. ब्रह्मदेशचा राजा थिबा आमच्या गावी तीस वर्षं स्थानबद्ध होता, १९१६ मध्ये इथेच गेला. आणि आमचे टिळक मंडालेला. बहादूरशहा जफर रंगूनला. एकमेकांची माणसं कोंडायला दोन्ही देश वापरले गेले. त्या रंगूनवर कुणीतरी एकदा हसरं गाणं लिहिलं याचा मला आनंद वाटतो.

हेलन यांचाही उल्लेख हवा. जन्म रंगूनचा. लहानपणी आईबरोबर त्याच वाटांनी चालत आसामात आल्या, डिब्रूगढला. वाटेत फार सोसलं. १९५८ मध्ये ‘मेरा नाम चिन चिन चू’वर नाचल्या तेव्हा सगळा देश नाचला. सईताईंच्या बर्मामामांची आणि त्यांची वाट कदाचित एकच असेल.

मिरजेची_सई

थिबा_पॉइंट, हे माहीत नव्हतं. आईला वाचून दाखवलं.

इसारकाठचा_पेठकर

म्युनिकहून लिहितोय. आमच्या मंडळाच्या गणपतीत हे गाणं बसवायचं ठरतंय. करावके ट्रॅक मिळालाय, पण त्यात सुरुवातीचं बोलणं कापलंय आणि मागे ढोलकीचा जोरदार ठेका टाकलाय. काही सुचवाल का?

खर्जातला_सा

तो ट्रॅक घेऊ नका. पेटी किंवा अॅकॉर्डियन, तबला, आणि जमलं तर एक क्लॅरिनेट किंवा ट्रम्पेट, एवढ्यावर करा. गती वाढवायचा मोह आवरा. मूळची गती शब्द ऐकू येण्यासाठी ठरवलेली आहे. पुरुष गायकाने रडण्याचा अभिनय कमी करावा, चितळकर रडत नाहीत, तक्रार करतात.

एक्स्चेंजवाली_मावशी

बोलणं कापू नका हो, अजिबात. आणि ‘हॅलो’ नंतर थांबा. पलीकडून आवाज यायला वेळ लागायचा, माणूस कानात जीव आणून ऐकायचा. तो थांबा घेतलात तर जुन्या माणसांना लगेच कळेल. आवाज जरा मोठा ठेवा, ट्रंकवर सगळे ओरडूनच बोलायचे.

जुनी_तबकडी

आणखी एक. दोघांनी एकमेकांकडे बघू नये. हे गाणं बसवताना नेहमी जोडी हातात हात घेऊन नाचताना दिसते. मग फोन कशाला? रंगमंचाची दोन टोकं घ्या आणि शेवटपर्यंत अंतर ठेवा. कोण गाणार ते ठरलं की इथे कळवा. शमशादची पट्टी झेपणारी बाई आधी शोधा, बाकी सगळं नंतर.

इसारकाठचा_पेठकर

सगळ्यांचे आभार. अॅकॉर्डियन इथे गल्लोगल्ली आहे, ती अडचण नाही. शमशादसाठी आमच्याकडे इचलकरंजीच्या एक काकू आहेत, नातवंडं सांभाळायला आल्यात, काळी चारमध्ये खुल्या आवाजात गातात. त्यांना विचारलं तर म्हणाल्या, सराव कसला, उद्या करूया. मूळ तबकडीची पट्टी कुणी तपासून सांगेल का?